कर्दळीचे गड्डे दर हिवाळ्यात मरतात: कुजले, वाळले की गोठले?

हिवाळाभर कर्दळीचे गड्डे ठेवलेल्या गॅरेजमधल्या टबाचं झाकण मार्चच्या मध्यावर उघडायचं आणि हात घालायच्या आधी वास घ्यायचा. ओल्या मातीचा वास आला तर हिवाळा पार पडला. सडक्या कांद्याच्या पोत्यासारखा भपकारा आला तर मागचं सगळं वर्ष पाण्यात. आणि कसलाच वास आला नाही तरी हुरळून जाऊ नका, कारण मग आतून बहुतेक वाळकं लाकूड निघतं.

मी उत्तर इंग्लंडमधल्या लीड्समध्ये राहतो. इथे आल्यापासून पहिले चार हिवाळे मी कर्दळीचे गड्डे ओळीने मारले. गंमत म्हणजे चारही वेळा एकाच पद्धतीने नाही. एका वर्षी कुजले म्हणून पुढच्या वर्षी कोरडे ठेवले, ते वाळले. म्हणून त्याच्या पुढच्या वर्षी ओल वाढवली, ते परत कुजले. चौथ्या वर्षी ओल नेमकी जमली आणि थंडीनं मारले. दर वसंतात ओळखीच्या दोन-तीन मराठी घरांतून फोन येतात, 'आमचे परत गेले, काय चुकलं?' मी आधी उलट विचारतो, 'कसे गेले?' बहुतेकांनी ते पाहिलेलंच नसतं; टब उलटा करून सगळं कचऱ्याच्या डब्यात गेलेलं असतं. मेलेला गड्डा टाकायच्या आधी नीट बघा. पुढच्या वर्षी काय बदलायचं ते तोच सांगतो.

आधी झाड ओळखा

आपल्याला कर्दळ माहीत असते ती मोरीमागची. माझ्या आजीच्या घरी न्हाणीचं सांडपाणी जिथे बाहेर पडायचं तिथे लाल कर्दळीचं रान होतं. कुणी लावली नव्हती, कुणी खत घातलं नव्हतं. दर दोन वर्षांनी कुणीतरी कोयत्यानं अर्धी छाटायचं आणि पावसाळा संपेपर्यंत ती पुन्हा होती तेवढी. फुलाचं बूड चोखलं की गोड लागायचं. अशा झाडाला जपावं लागतं हेच आपल्या मनाला पटत नाही, आणि निम्मी चूक तिथेच होते.

ही मूळची अमेरिका खंडांतल्या उष्ण प्रदेशाची. लिनियसनं १७५३ मध्ये तिचं नाव 'कॅना इंडिका' ठेवलं खरं, पण ती वेस्ट 'इंडीज'कडची. इंग्रज तिला लिली म्हणतात, तेही खोटं. तिचे खरे भाऊबंद म्हणजे हळद, आलं आणि केळ. जुन्या मराठीत कर्दळी म्हणजे केळच. तेव्हा आपल्या भाषेनं निदान नातं तरी बरोबर लावलं.

हे नातं कामाचं आहे. इथली बागकामाची पुस्तकं कर्दळीला डेलियाच्या शेजारी बसवतात: 'दोन्हीचे कंद काढा, कोरडे करा, ठेवा'. डेलिया हे सहन करतो. त्याची मुळं रताळ्यासारखी पाण्यानं भरलेली असतात, आणि मेक्सिकोतल्या डोंगराळ भागात त्याला कोरड्या ऋतूत झोपायची सवय आहे. कर्दळ मुळात ओलाव्याच्या जागेची. उष्ण हवेत ती बाराही महिने वाढते, झोपतच नाही. थंडीत आपण तिला नाइलाजानं डुलकी घ्यायला लावतो, एवढंच. सातारा-सांगलीकडचे शेतकरी हळदीचं बेणं उन्हात टाकत नाहीत, सावलीत ढीग करून पाल्यानं झाकतात. कर्दळीचा गड्डा हे तसंच बेणं आहे असं एकदा डोक्यात बसलं की पुढचं बरंचसं आपोआप सुचतं.

मेलेला गड्डा काय सांगतो

गड्डा हातात घेऊन अंगठ्यानं दाबा, मग सुरीनं आडवा कापा. जिवंत गड्डा बटाट्यासारखा कडक असतो, आत पांढरा किंवा पिवळट, कधी गुलाबी झाक असलेला.

हलका, सुरकुतलेला, आत तंतूंचा चोथा: वाळला. गॅरेजमध्ये वर्तमानपत्रात गुंडाळून ठेवला, किंवा घरात रेडिएटर चालू असताना जिन्याखाली ठेवला की हे होतं. लहान आणि बारीक गड्डे आधी जातात.

एका टोकाकडून मऊ, तपकिरी, बुळबुळीत आणि घाण वास: कुजला. कुठून सुरुवात झाली ते बघा. खुरप्याच्या जखमेपासून असेल तर काढताना घाई झाली. कापलेल्या दांड्यापासून खाली उतरलं असेल तर पोकळ दांड्यात पाणी साठलं. सगळीकडून असेल तर माती चिखल होती.

सगळा गड्डा एकसारखा मऊ, दाबला की पाणी सुटतं, कापल्यावर काचेसारखा ओलसर, आणि सुरुवातीला वास नाही: गोठला. फ्रीजरमध्ये ठेवून बाहेर काढलेला बटाटा आठवा. आतल्या पेशी फुटलेल्या असतात. आठवडाभरात यालाही वास सुटतो आणि मग तो कुजल्यासारखाच दिसतो. मार्चमध्ये बघणाऱ्याला म्हणूनच वाटतं की पाणी जास्त झालं. माझं चौथं वर्ष या गैरसमजात गेलं. मी पाणी कमी करत बसलो आणि खरा दोष होता गॅरेजच्या लोखंडी दाराला लागून टब ठेवण्याचा.

चौथा प्रकार मरणाचा नाही, पण होतो: जानेवारीतच लांबलचक पांढरे कोंब. जागा फार उबदार आहे. कोंब तोडू नका. टब थंड जागी हलवा, किंवा कुंडीत लावून सर्वांत उजेडाच्या खिडकीत ठेवा आणि नशिबावर सोडा.

ऑक्टोबरपासून पुढे काय करायचं

पहिल्या फ्रॉस्टनं, म्हणजे गोठलेल्या दंवानं, पानं काळी पडली की घाबरून त्याच रात्री टॉर्च घेऊन खणायला जाऊ नका. पानं शून्याच्या आसपास जातात. जमिनीतला गड्डा काही दिवस सुरक्षित असतो. शरदातल्या शेवटच्या आठवड्यांत पानांतलं अन्न खाली उतरतं आणि गड्डा भरतो, म्हणून सप्टेंबरमध्ये हिरवंगार झाड उपटण्यातही अर्थ नाही. आमच्याकडे हे काम साधारण नोव्हेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात येतं. मात्र जमीनच गोठायला लागली तर थांबू नका.

दांडे १५ सेंटीमीटरवर कापा. फावडं नको, काट्यांचा फोर्क घ्या आणि वाटतं त्याच्यापेक्षा वीतभर लांबून घाला, कारण गड्डे आडवे पसरलेले असतात. माती झटका, पण सगळी नाही, आणि पाण्यानं धुऊ तर अजिबात नका. धुतलेले गड्डे दिसतात छान, टिकतात कमी. मुळांभोवती मुठीएवढी माती राहू दे. विभागणीही आत्ता नको. प्रत्येक काप म्हणजे जखम, आणि थंडीत जखम भरत नाही. तो उद्योग वसंतात.

दोन-तीन दिवस शेडमध्ये उलटे, म्हणजे दांडे खाली करून ठेवा. दांड्यातलं पाणी निथळून जातं. एवढ्या एका गोष्टीनं माझं कुजण्याचं प्रमाण निम्म्यावर आलं.

आता ओल. सगळं गणित इथे आहे आणि 'किंचित ओलसर' या शब्दानं कुणालाच काही कळत नाही. मटकीला मोड आणायला आपण जे फडकं बांधतो, ते घट्ट पिळल्यावर जेवढं ओलं राहतं तेवढं गड्ड्यांभोवतीचं कंपोस्ट, म्हणजे कुंडीत भरायची तयार माती, ओलं हवं. मुठीत दाबलं तर गोळा व्हावा, बोटांतून थेंब येऊ नये. साधं कुंडीचं कंपोस्ट, जुना पालापाचोळा किंवा व्हर्मिक्युलाइट (ओल धरणारं हलकं खनिज), काहीही चालतं. बुडाला भोकं असलेला टब, खाली थर, त्यावर गड्डे एकमेकांना न चिकटतील असे, वरून पुन्हा थर. झाकण हवाबंद नको. वर जुनं पोतं टाकलं तरी पुरे.

तापमान ५ ते १० अंश. त्याखाली गोठण्याचा धोका, त्यावर कोंब किंवा बुरशी. वीस रुपयांची अक्कल मला फार उशिरा आली: किमान-कमाल दाखवणारा थर्मामीटर टबात ठेवा. 'आमचं गॅरेज थंड नसतं' हे प्रत्येक जण सांगतो, कारण प्रत्येक जण तिथे दुपारी जातो. डिसेंबर २०२२ मधला तो आठवडा आठवा, स्कॉटलंडमध्ये ब्रेमारला पारा उणे १७ च्या खाली गेला होता. आमच्या गॅरेजमध्ये दारापाशी उणे ४ आणि घराच्या भिंतीला लागून अधिक ३ होतं. अंतर चार पावलांचं. त्या वर्षी टब भिंतीशी होते, वर जुनी गोधडी होती, खाली थर्मोकोल. सगळे वाचले.

मग महिन्यातून एकदा बघायचं. मऊ भाग दिसला तर कडक पांढऱ्या भागापर्यंत कापून टाका, काप दिवसभर उघडा वाळू द्या, परत ठेवा. सुरकुती दिसली तर कंपोस्टवर वाटीभर पाणी शिंपडा, गड्ड्यावर थेट नको. पाच मिनिटांचं काम आहे आणि नेमकं जानेवारीत ते टाळलं जातं.

काही जातींना हा टबाचा प्रकारच मानवत नाही. 'एहेमानी', ती गुलाबी, खाली झुकणाऱ्या फुलांची, आणि केळीएवढ्या पानांची 'म्युझिफोलिया' यांचे गड्डे फार सडपातळ असतात. त्या कुंडीतच ठेवा, दांडे थोडे छाटून, थंड पण फ्रॉस्ट न येणाऱ्या उजेडात, महिन्यातून एखाद्या पाण्यावर.

'जमिनीतच ठेवली तर?' इंग्लंडच्या उबदार नैऋत्य टोकाला, कॉर्नवॉलला, किंवा लंडनच्या आतल्या भागात, पाणी झटकन निचरणाऱ्या मातीत, वर वीतभर जाड पाल्याचं आच्छादन घालून लोक ठेवतात आणि ती उठते. आमच्या चिकणमातीत मी एकदा तीन ठेवल्या. जूनच्या अखेरीस एकीनं बोटभर कोंब काढला आणि गोगलगायींनी तो त्याच रात्री खाल्ला.

जिवंत निघाले, पण उठत नाहीत

इथे लोक घाई आणि आळस दोन्ही एकदम करतात. मार्चच्या अखेरीस गड्डे घरात आणा. आता विभागणी करा: प्रत्येक तुकड्याला निदान एक, शक्यतो दोन ठसठशीत डोळे हवेत, उसाच्या कांडीला बघतो तसे. डोळे वर करून कुंडीत लावा, वर पाचेक सेंटीमीटर कंपोस्ट, आणि १६ अंशांच्या वर ठेवा. आमच्या घरी बॉयलरच्या कपाटावरची जागा कर्दळीची. एप्रिलमध्ये टॉवेल दुसरीकडे वाळतात आणि त्यावरून दर वर्षी बोलणी बसतात.

कोंब दिसेपर्यंत पाणी जवळजवळ नको. मुळं नाहीत, पाणी पिणार कोण? हिवाळाभर वाचलेले गड्डे एप्रिलमध्ये कुंडीत कुजवणारे लोक मी पाहिले आहेत, त्यात मीही आहे. कोंब वर आला की उजेडात आणा आणि मग हात सैल सोडा.

मे महिन्यातलं पहिलं ऊन इथल्या माणसांना वेडं करतं. तीन दिवस शर्टावर फिरायला मिळालं की कर्दळ बाहेर जाते, चौथ्या रात्री पारा दोनवर येतो आणि पानं पांढुरकी, कागदासारखी होतात. उत्तर इंग्लंडमध्ये जूनचा पहिला आठवडा धरा. त्याआधी आठ-दहा दिवस दिवसा बाहेर, रात्री आत. अशी एखादी रात्र चुकून लागलीच तर घाबरू नका. पुढची पानं स्वच्छ येतात.

पानं भरपूर, फूल नाही

हा दुसरा ठरलेला फोन, सप्टेंबरमधला. कारण साधं आहे: कर्दळीच्या प्रत्येक दांड्याला आधी बरीच पानं काढावी लागतात, मगच त्याच्या टोकाला तुरा येतो. आपल्याकडे तिला वेळच वेळ असतो. इथे जूनमध्ये जमिनीतून पहिल्यांदा डोकं वर काढणाऱ्या कर्दळीचा तुरा यायला ऑक्टोबर उजाडतो आणि फ्रॉस्ट दारात असतो. म्हणून घरातली ती सहा-आठ आठवड्यांची आगाऊ वाढ महत्त्वाची. बाकी: पूर्ण ऊन, भरपूर पाणी, आणि जुलैपासून आठवड्याला एकदा टोमॅटोचं पोटॅशवालं खत. लॉनचं नत्राचं खत घातलंत तर पानांचं जंगल मिळेल, फूल मिळणार नाही.

जातही बघून घ्या. 'म्युझिफोलिया' लीड्समध्ये फुलेल अशी आशा मी सोडली आहे. ती पानांसाठी ठेवायची. फुलांसाठी बुटक्या जाती, किंवा उंचच हवी तर 'वायोमिंग', तांबूस पानं आणि नारिंगी फुलं. ती मला एका वर्षाचा अपवाद सोडला तर कायम फुलली आहे. तुरा संपला की सगळा दांडा बुडापासून उडवू नका. सुकलेल्या भागाच्या खाली बगलेत दुसरी कळी तयार असते, तिच्या वरच कापा.

पानावर एका रेषेत भोकं

एखादं पान उलगडतं आणि त्यावर आडव्या रेषेत सारख्या अंतरावर भोकं, जणू कुणी पंच मशीननं पाडली. हा रोग नाही. पान गुंडाळलेलं असताना गोगलगायीनं एकदाच आरपार खाल्लं. सुरळी उलगडल्यावर एका भोकाची पाच झाली, घडी घालून कात्रीनं कापलेल्या पताकेसारखी. तेव्हा बंदोबस्त कोवळ्या सुरळीच्या काळात, म्हणजे जूनमध्ये करायचा. ऑगस्टमध्ये धावपळ करून उपयोग नाही. गोगलगायी मारायच्या जुन्या निळ्या गोळ्यांतल्या मेटाल्डिहाइडवर २०२२ च्या वसंतापासून ग्रेट ब्रिटनमध्ये बंदी आहे, शेडमध्ये जुना डबा असेल तर तो वापरू नका. फेरिक फॉस्फेटच्या गोळ्या चालतात. मला स्वतःला रात्री दहाला टॉर्च आणि बादली घेऊन फिरणं जास्त लागू पडतं. शेजारी आता विचारत नाहीत.

पिवळे पट्टे: इथे मात्र उपाय नाही

हे शेवटी लिहितोय, पण गड्डे विकत घेणार असाल तर सर्वांत आधी बघायचं ते हेच. पानाच्या शिरांच्या मधे पिवळे तुटक पट्टे, ठिपके, पुढे तेच भाग तपकिरी होऊन फाटणं, झाड खुरटं, फुलांवर फिकट चरे: विषाणू. कर्दळीवर एकापेक्षा जास्त विषाणू येतात. त्यांतला 'कॅना यलो स्ट्रीक' २००७ मध्ये ब्रिटनमधल्या झाडांवरूनच नोंदला गेला. काही मावा पसरवतो, पण खरा प्रसार आपणच करतो, कारण गड्डा वाटला की रोगही वाटला जातो. सुरीही तोच धंदा करते, म्हणून विभागणी करताना दोन झाडांमधे पातं स्पिरिटनं पुसा.

गोंधळ होतो तो शोभेच्या पट्टेरी जातींशी. 'स्ट्रायाटा', जिला 'बेंगॉल टायगर'ही म्हणतात, तिचे पट्टे शिरेबरोबर मध्यापासून कडेपर्यंत अखंड आणि प्रत्येक पानावर सारखे जातात. विषाणूचे तुटलेले, डागाळलेले आणि एका पानावर जास्त, दुसऱ्यावर कमी असतात. आणि थंडीनं पिवळी पडलेली कर्दळ जुलैत सुधारते. विषाणूची सुधारल्यासारखी वाटते आणि पुन्हा घसरते.

एका दुकानातून मी स्वस्तात दहा गड्ड्यांची पिशवी आणली होती. सात उगवले, सातही पट्टेदार. मी दोन वर्षं खत बदलत बसलो, मॅग्नेशियम घातलं, जागा बदलली. त्या दोन वर्षांत शेजारची माझी जुनी लाल कर्दळही गेली. औषध नाही. उपटा, घरच्या कचऱ्यात टाका, कंपोस्टच्या ढिगात नको, आणि हळहळ झाली तरी 'एकच ठेवून बघू' म्हणू नका.

अशा वेळी बियांचा रस्ता उरतो, कारण हे विषाणू सहसा बियांतून उतरत नाहीत. संकरित जातींच्या बियांतून आईसारखंच झाड येईल याची हमी नाही, पण साधी लाल किंवा पिवळी कर्दळ बियांपासून छान येते. बी काळं, वाटोळं आणि इतकं कडक की त्याच्या माळा करतात. इंग्रजीतलं त्याचं जुनं नाव बंदुकीच्या छऱ्यावरून आहे. तसंच पेरलंत तर महिनोन्‌महिने ढिम्म. नखं घासायच्या कानशीनं एका बाजूनं घासा, आतला पांढरा भाग सुईच्या टोकाएवढा दिसला की थांबा, आणि दिवसभर कोमट पाण्यात ठेवा. फुगलेलं बी पेरायचं, न फुगलेलं परत घासायचं. वीस-पंचवीस अंशांची ऊब हवी, म्हणजे पुन्हा बॉयलरचं कपाट. फेब्रुवारीत पेरलं तर त्याच वर्षी फूल मिळण्याची संधी असते, एप्रिलमध्ये पेरलं तर पुढच्या वर्षी. आत्ता तिथे सहा कुंड्या आहेत. चारांतून सुरळ्या वर आल्या आहेत, आणि टॉवेल अर्थातच जिन्याच्या कठड्यावर आहेत.